कार्लकाकांची सही

१९३६ सालच्या वसंतात हॉलिवूडमधल्या युनिव्हर्सल स्टुडिओचा ताबा नव्या मालकांकडे गेला. त्यांनी पगारपत्रकं तपासली तेव्हा जुन्या मालकाचे सत्तरच्या आसपास नातेवाईक, सोयरेधायरे आणि ओळखीपाळखीची माणसं स्टुडिओत चिकटलेली सापडली. हॉलिवूडला याचं नवल वाटलं नाही. तिथे सगळेच जण या मालकाला ‘अंकल कार्ल’ म्हणत आणि त्यांच्यापैकी निम्म्यांचा तो खरोखरच काका लागतो, अशी थट्टा वर्षानुवर्षं चालत आली होती. असतील शितं तर जमतील भुतं, ही म्हण इंग्रजीत असती तर त्या स्टुडिओच्या फाटकावरच कुणीतरी खडूने लिहून ठेवली असती.

त्या मालकाचं नाव कार्ल लेम्ली. चित्रपटाच्या इतिहासाची पुस्तकं त्यांची गोष्ट बहुधा इथेच संपवतात. गरीब मुलगा अमेरिकेत आला, मोठा निर्माता झाला, घरच्यांच्या लाडापायी स्टुडिओ घालवून बसला. यातलं काही खोटं नाही, पण ही गोष्ट तीन वर्षं आधी तोडलेली आहे. लेम्ली १९३९ पर्यंत जगले, आणि त्यांच्या आयुष्यातलं सर्वांत मोठं काम याच तीन वर्षांत झालं, जेव्हा त्यांच्याकडे स्टुडिओ उरला नव्हता.

लाउपहाइम हे दक्षिण जर्मनीतलं, व्युर्टेम्बर्गमधलं छोटं गाव. तिथल्या एका ज्यू कुटुंबात १७ जानेवारी १८६७ रोजी कार्लचा जन्म झाला. घरात एकूण तेरा भावंडं जन्माला आली, त्यांतली बरीचशी बालपणीच गेली. तेराव्या वर्षी कार्लला परगावी एका कागद-स्टेशनरीच्या पेढीत उमेदवारीला धाडलं. त्याची आई गेली तेव्हा तो सोळा वर्षांचा होता. थोरला भाऊ जोसेफ आधीच शिकागोला पोचला होता. वडिलांनी कार्लला बोटीचं तिकीट काढून दिलं आणि १८८४ साली, सतरा वर्षांचा असताना, तो न्यूयॉर्कला उतरला. तिकीट वडिलांचं आणि पलीकडे आधार भावाचा. आपण कुणाच्या हाताला धरून आत आलो, हे तो मुलगा पुढे कधी विसरला नाही.

त्यानंतरची बावीस वर्षं थोडक्यात सांगता येतील, कारण त्यांत कुणाही कष्टाळू परदेशी मुलाच्या बाबतीत घडतं तेच घडलं. दुकानात निरोप्याचं काम, शेतावर मजुरी, मग हिशेबनिशी. शेवटी विस्कॉन्सिनमधल्या ऑशकॉश या गावी तो एका कापड दुकानात लागला, व्यवस्थापक झाला आणि मालकाच्या पुतणीशी त्याचं लग्न झालं. जाहिराती लिहिण्यात आणि दुकानाची दर्शनी काच सजवण्यात त्याचा हातखंडा होता. पण पगारावरून मालकाशी बिनसलं. एकोणचाळिसावं वर्ष, पदरी बायकोमुलं, गाठीला थोडी शिल्लक. या वयात आपल्याकडे माणूस ‘आता कुठे धडपडायचं’ म्हणून आहे ती नोकरी धरून बसतो. कार्लने राजीनामा दिला.

स्वस्त वस्तूंचं दुकान काढायचं असं ठरवून तो शिकागोला आला. तिथे पाच सेंटात हलती चित्रं दाखवणाऱ्या एका खोलीपुढे लोकांची रांग लागलेली त्याने पाहिली आणि तो माणसं मोजत उभा राहिला. कापडाच्या दुकानात गिऱ्हाईक घासाघीस करतं, माल परत आणून टाकतं. इथे लोक रोख पैसे मोजून आत जात होते आणि रिकाम्या हाताने, पण खुशीत, बाहेर येत होते. फेब्रुवारी १९०६ मध्ये मिलवॉकी ॲव्हेन्यूवर त्याने स्वतःचं चित्रपटगृह उघडलं. दर्शनी बाजू पांढरीशुभ्र रंगवली आणि नावही ‘व्हाइट फ्रंट’ असंच ठेवलं. थोड्याच काळात तो इतरांना चित्रपट भाड्याने पुरवू लागला.

मग त्याची गाठ थॉमस एडिसनशी पडली. दिव्याचा, फोनोग्राफचा एडिसन इतरांशी हातमिळवणी करून आता चित्रपटाच्या धंद्यावर बसला होता. कॅमेऱ्याची आणि प्रक्षेपकाची पेटंटं त्यांच्याकडे. कच्ची फिल्म बनवणाऱ्या ईस्टमनशी करार त्यांचा. १९०८ च्या अखेरीस या मंडळींनी एक मक्तेदार कंपनी काढली आणि फर्मान सोडलं की चित्रपट दाखवायचा असेल तर प्रत्येक प्रक्षेपकामागे दर आठवड्याला दोन डॉलर भरा. यंत्र तुम्ही विकत घेतलेलं, जागा तुमची, तरी खंडणी त्यांना. बहुतेकांनी निमूटपणे भरली. १९०९ च्या एप्रिलमध्ये कार्लने भरायचं थांबवलं आणि पुरवठा तोडला गेला तेव्हा स्वतःच चित्रपट काढायला लागला.

मक्तेदारांनी त्याच्यावर दाव्यांमागून दावे लावले. एकूण २८९, असा आकडा सांगितला जातो. न्यायालयात जिंकण्यापेक्षा वकिलांच्या फीने माणूस मोडावा, हा बेत होता. कार्ल मोडला नाही. उलट व्यापारी वर्तमानपत्रांत व्यंगचित्रं आणि जाहिराती छापून तो त्या बड्या धेंडांची भरबाजारात खिल्ली उडवत राहिला. तोवर पडद्यावरच्या नटनटींची नावं कंपन्या सहसा लपवून ठेवत, नाव झालं की पगार वाढतो म्हणून. त्याने फ्लॉरेन्स लॉरेन्स या नटीला आपल्याकडे आणलं आणि तिचं नाव ठळक टाइपात छापलं. १९१५ साली संघराज्याच्या न्यायालयाने ती मक्तेदारी बेकायदा ठरवली. एव्हाना इतर स्वतंत्र निर्मात्यांसोबत त्याने १९१२ मध्ये काढलेली युनिव्हर्सल कंपनी चांगली उभी राहिली होती, आणि १५ मार्च १९१५ रोजी लॉस एंजेलिसजवळच्या सॅन फर्नांडो खोऱ्यात, कोंबड्या पाळायच्या एका मळ्यावर, ‘युनिव्हर्सल सिटी’ नावाची अख्खी वसाहतच उघडली होती. मूकपटांच्या काळात लोक पंचवीस सेंट देऊन तिथे चित्रीकरण बघायला येत. कोंबड्याही होत्याच, त्यांची अंडीसुद्धा विकली जात.

इथून पुढे त्यांना अहो-जाहो केलं पाहिजे, कारण पाच फूट दोन इंचांच्या आसपास उंचीचा हा हसरा, टक्कल पडलेला माणूस आता सगळ्यांचा कार्लकाका झाला होता.

कार्लकाका दरवर्षी युरोपला जात, लाउपहाइमला मुक्काम ठोकत आणि परतताना बहुधा कुणाला तरी घेऊन येत. अमुक पुतण्या हुशार आहे, तमुक बहिणीच्या मुलाला तिकडे कामच नाही. एका चुलतबहिणीचा मुलगा असाच आला. आल्सास या सरहद्दीवरच्या मुलखातल्या म्युलूझ गावचा, कुठे बूड टेकत नाही म्हणून आई हैराण झालेली. त्याला न्यूयॉर्कच्या कचेरीत निरोप्या म्हणून ठेवलं आणि प्रवासाचे पैसे पगारातून हप्त्याहप्त्याने कापून घेतले. त्या मुलाचं नाव विल्यम वायलर. दिग्दर्शनासाठी तीन ऑस्कर मिळवणारा, ‘बेन-हर’चा दिग्दर्शक. वशिल्याचं तट्टू म्हणून ज्याला हसायचं तो असा निघाला. पण असे वायलर किती निघणार? बाकीचे बरेचसे नुसतेच पगार घेत राहिले, हेही मान्य केलं पाहिजे. दुसरीकडे गुणी परका मुलगा हातचा गेला. कार्लकाकांचा चिटणीस असलेल्या आयर्व्हिंग थाल्बर्गला त्यांनी विशी-एकविशीत अख्ख्या स्टुडिओचा कारभार दिला होता. १९२३ साली तो सोडून गेला आणि त्याने पुढे मेट्रो-गोल्डविन-मेयरला वैभवाला नेलं.

आणि मुलगा. आपला तो बाब्या, हे जगात सगळीकडे सारखंच. ज्युनिअर एकवीस वर्षांचा झाला तेव्हा बापाने त्याच्या हातात स्टुडिओच्या किल्ल्या दिल्या. हॉलिवूडने तोंडाला रुमाल लावला. त्या पोराने पहिल्या दोन-तीन वर्षांत ‘ऑल क्वाएट ऑन द वेस्टर्न फ्रंट’, ‘ड्रॅक्युला’ आणि ‘फ्रँकेन्स्टाइन’ असे तीन चित्रपट दिले. त्यातला पहिला रेमार्कच्या युद्धविरोधी कादंबरीवरचा. खंदकात मरणारी जर्मन पोरं त्यात अमेरिकन प्रेक्षकापुढे माणसं म्हणून उभी राहिली. १९३० साली त्याला सर्वोत्तम चित्रपटाचं ऑस्कर मिळालं.

त्याच वर्षीच्या डिसेंबरात हा चित्रपट बर्लिनला लागला. पहिल्या खेळाच्या दुसऱ्याच दिवशी, ५ डिसेंबरला, नाझी पुढारी गोबेल्स आपली टोळी घेऊन चित्रपटगृहात आला. घोषणा झाल्या, दुर्गंधीचे गोळे फुटले, अंधारात पांढरे उंदीर सोडले गेले. बायका किंचाळत खुर्च्यांवर चढल्या. आठवड्याच्या आत सरकारने चित्रपटावरच बंदी घातली. ज्यांनी उंदीर सोडले त्यांना हवं ते मिळालं. पुढच्या वर्षी जर्मनीची बाजारपेठ परत मिळावी म्हणून युनिव्हर्सलने आक्षेप घेतलेली दृश्यं कापून दिली. हा लेम्लींच्या कारकिर्दीतला कमकुवत प्रसंग आहे. एडिसनला दोन डॉलर न देणारा माणूस इथे वाकला.

पण उंदीर सोडणारे कोण आहेत, हे त्यांनी ओळखलं. १९३२ साली, हिटलर सत्तेवर येण्याआधी, त्यांनी वृत्तपत्रसम्राट विल्यम रँडॉल्फ हर्स्टला पत्र लिहिलं. हिटलरच्या हाती जर्मनी गेली तर हजारो निरपराध ज्यूंचे जीव धोक्यात येतील, तुमच्या वर्तमानपत्रांतून आवाज उठवा, अशी विनवणी त्यात होती. पहिल्या महायुद्धानंतर उपाशी पडलेल्या लाउपहाइमला कार्लकाकांनी पैसे, अन्न, कपडे पाठवले होते. गावाने त्यांना मानद नागरिक केलं होतं, एका रस्त्याला त्यांचं नाव दिलं होतं. नाझी आले आणि ते नाव उतरलं.

१९३५ साली स्टुडिओला पैशाची चणचण होती. ज्युनिअरचे चित्रपट उत्तम होते, पण खर्चाला धरबंध नव्हता. लेम्लींनी साडेसात लाख डॉलरचं कर्ज काढलं आणि त्यापोटी स्टुडिओ विकत घेण्याचा हक्क लिहून दिला. सावकारांनी तो हक्क वापरला. पंचावन्न लाख डॉलरच्या आसपास किंमत घेऊन कार्लकाका चोवीस वर्षांच्या आपल्या कंपनीतून बाहेर पडले. ज्या ‘शो बोट’ चित्रपटासाठी पैसा लागत होता तो थोड्याच दिवसांत झळकला आणि तुफान चालला. पण तोवर मालक बदलले होते.

वय एकोणसत्तर, बायको कधीच निवर्तलेली, बेव्हर्ली हिल्समध्ये ऐसपैस बंगला, पत्ते आणि घोड्यांच्या शर्यतींचा नाद. उरलेले दिवस आरामात गेले असते. पण टपालाने पत्रं येत होती.

पत्रं कशाची ते समजून घ्यायला अमेरिकेचा तेव्हाचा कायदा थोडा पाहिला पाहिजे. १९२४ च्या कायद्याने युरोपातल्या प्रत्येक देशाला वर्षाचा कोटा ठरवून दिला होता. जर्मनीचा सुमारे सव्वीस हजार. हिटलर आल्यावर तरी हा कोटा भरून वाहायला हवा होता. तो कित्येक वर्षं पुरता भरलाच नाही. कारण १९३० च्या मंदीत असा हुकूम निघाला होता की जो माणूस अमेरिकेत येऊन सरकारवर भार होण्याची शक्यता आहे त्याला व्हिसा द्यायचा नाही. नाझींनी तर बाहेर पडणाऱ्या ज्यूंचं सर्वस्व काढून घ्यायचा सपाटा लावलेला. म्हणजे एक सरकार माणसाला भिकारी करून सोडत होतं आणि दुसरं म्हणत होतं, भिकाऱ्याला आम्ही घेणार नाही.

या फासातून सुटायला एकच कागद होता, हमीपत्र. अमेरिकेतल्या कुणीतरी नोटरीपुढे शपथेवर लिहून द्यायचं की हा माणूस माझा अमुक लागतो, तो आला तर त्याला पोसायची जबाबदारी माझी. सोबत स्वतःचं उत्पन्न, प्राप्तिकराचं विवरण, बँकेतली शिल्लक, मालमत्ता, आधीच अंगावर असलेली माणसं, असं सगळं उघडं करून दाखवायचं. स्टुटगार्टच्या वकिलातीतला अधिकारी तो कागद तपासणार, हमी देणारा कितपत पैसेवाला आहे आणि कितपत जवळचा आहे ते पाहणार आणि पटलं तर व्हिसा देणार. आपल्याकडे कुणाला जामीन राहायचं म्हटलं की घरातली मंडळी आधी आडवी येतात. सही करण्यापूर्वी माणूस चारदा विचार करतो, आणि समोरचा सख्खा नसेल तर बहुतेकदा करतच नाही. अमेरिकेतही हेच होतं. पैसेवाली माणसं होती, पण अनोळखी कुटुंबासाठी आपल्या बँकेची पुस्तकं सरकारपुढे मांडायला फार थोडी तयार होती.

कार्लकाका सह्या करत सुटले. आधी भाचे-पुतणे, मग त्यांच्या सासरची, मग लाउपहाइमची. मग आजूबाजूच्या गावांतली आणि त्यांच्या ओळखीची. पुढे पुढे तर ज्यांना त्यांनी उभ्या जन्मात पाहिलं नव्हतं अशीही माणसं. कागदावर ‘नातं’ असा रकाना असे, आणि त्यात लिहिण्यासारखं नातं दरवेळी असेच असं नाही. ज्या सवयीची वीस वर्षं टवाळी झाली ती हीच, आपला माणूस दारात उभा राहिला की त्याला परत पाठवायचं नाही. स्टुडिओत या सवयीने खोगीरभरती झाली. आता त्याच सवयीने ‘आपला’ कोण याचं कुंपण दर महिन्याला थोडं थोडं मागे सरकत होतं.

अखेर वकिलातीला संशय येऊ लागला. एका माणसाने इतक्यांची हमी घेतली, त्याचं वय सत्तरीपुढचं, उद्या तो मेला तर या लोकांना पोसणार कोण? प्रश्न कायद्याने रास्त होता. एका श्रीमंताच्या सहीची किंमत त्याने पुन्हापुन्हा वापरल्यामुळे उतरत चालली होती. मार्च १९३८ मध्ये हिटलरने ऑस्ट्रिया गिळला आणि पत्रांचा ओघ वाढला. एप्रिलमध्ये लेम्लींनी थेट परराष्ट्रमंत्री कॉर्डेल हल यांना पत्र लिहिलं. आपण दिलेला शब्द आपण पाळतो, वकिलातीने आपली हमीपत्रं नाकारू नयेत, असं त्यांचं म्हणणं होतं. या लोकांना बाहेरून कुणी हमी दिली नाही तर जर्मनी-ऑस्ट्रियातल्या हजारो ज्यूंवर आत्महत्येची पाळी येईल, असं भाकीतही त्यांनी त्यात केलं. आपली सही चालेनाशी झाल्यावर ते दुसऱ्यांच्या सह्या मागायला लागले. सुखवस्तू ओळखीच्यांना पत्रं, नातेवाईकांना पत्रं. प्रवासाचे पैसे पगारातून कापून घेऊन ज्याला आणला होता त्या वायलरलाही पत्र गेलं की आता तू हमी दे.

नोव्हेंबर १९३८ मध्ये एका रात्री जर्मनीभर ज्यूंची प्रार्थनास्थळं पेटवली गेली, तेव्हा लाउपहाइमचंही जळलं. अंकल कार्ल आपल्या बंगल्यात बसून पत्रांची उत्तरं देत होते. १ सप्टेंबर १९३९ ला युद्ध सुरू झालं. २४ सप्टेंबरला ते वारले. वय बहात्तर.

त्यांच्या हमीवर अमेरिकेत पोचलेल्यांचा आकडा ३०० च्या वर सांगतात. काही ठिकाणी माणसं म्हटलं आहे, काही ठिकाणी कुटुंबं. लाउपहाइममध्ये मागे राहिलेल्या ज्यूंना १९४१ आणि १९४२ मध्ये पूर्वेकडे नेलं गेलं. शेवटची तुकडी १९४२ च्या ऑगस्टात तेरेझीनच्या छावणीकडे निघाली. आज त्या गावातल्या माध्यमिक शाळेला कार्ल लेम्लींचं नाव आहे.

चित्रपटाचा इतिहास लिहिणारे लेम्लींच्या नावापुढे एडिसनशी झुंज, युनिव्हर्सल सिटी, ‘ऑल क्वाएट’ आणि शेवटी नातलगशाही असा क्रम लावतात. या निर्मात्याने काय निर्माण केलं, असं मला कुणी विचारलं तर मी आधी ती तीनशे माणसं सांगेन आणि मग चित्रपट.